नित्यबद्ध आणि बद्धमुक्त
जीव व देवता हे दोन्ही पदार्थ अनादि, आणि दोहोंसही बंध आहे. मग भेद कोणता? जीवाच्या बंधास अंत संभवतो, देवतेच्या बंधास नाही. म्हणून जीव बद्धमुक्त, देवता नित्यबद्ध. ज्यास बंध कधीच नव्हता तो परमेश्वर नित्यमुक्त. प्रपंच मात्र कार्यरूपाने अनित्य.

रत्नागिरीकरांस दृष्टान्त जवळचाच आहे. ब्रह्मदेशाचा थिबा राजा १८८६ मध्ये येथे बंदी म्हणून आणला गेला. १९१० च्या सुमारास त्यास प्रशस्त राजवाडा मिळाला. १९१६ मध्ये तो येथेच वारला. वैभव होते, सुटका नव्हती. (दृष्टान्त एकदेशीच घ्यावा, थिबा हा जीवच.) दार्ष्टान्तिक असे की, देवतेचे ऐश्वर्य थोर, परंतु जी स्वतः बद्ध ती जीवास सोडवील कशी? तिच्या उपासनेचे फळ जीव भोगतो, ते सरते, आणि तो पुन्हा जन्मास येतो.