समाजमंदिराच्या माळवदाचे वजन मोजा

आपल्या गावच्या समाजमंदिरावर जुने माळवद असेल तर यंदा गळक्या जागी नवी माती टाकण्यापूर्वी सळई खोचून आधीचा थर किती जाड आहे ते पाहा. दरवर्षी आपण वरून पांढरी माती घालतो. खालची मात्र कोणी काढत नाही.

दालन ३० फूट लांब व २० फूट रुंद असेल तर एक फूट जाडीच्या थरात ६०० घनफूट माती बसते. दाबलेली माती घनफुटाला ४५ किलो धरली तरी वजन २७० क्विंटल भरते! आडतीवर किलोकिलोचा हिशेब ठेवणारे आपण, डोक्यावरचे हे ओझे कधी मोजत नाही.

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे चारच्या सुमारास लातूर जिल्ह्यातील किल्लारी आणि आपल्या धाराशिव (तेव्हाच्या उस्मानाबाद) जिल्ह्यातील सास्तूर परिसरात असेच ओझे झोपलेल्या माणसांवर कोसळले. दोष एकट्या मातीचा नव्हता. दगडी भिंत दोन-अडीच फूट जाड दिसते. प्रत्यक्षात ते दोन सुटे पदर असतात व मध्ये गोटे आणि चिखल. हादरा बसला की पदर फाकतात. जेथे माळवदाचा भार मजबूत लाकडी खांबांवर होता, तेथे भिंती पडूनही काही खण उभे राहिले.

म्हणून माळवदच नको, असे मी म्हणणार नाही. मे महिन्यात उघड्या स्लॅबखाली दुपारची ग्रामसभा घेऊन पाहा, म्हणजे मातीची किंमत कळेल! थर आठ इंचांवर आणावा व त्यात प्लॅस्टिकचा कागद अंथरावा, म्हणजे दरसाल माती घालावी लागत नाही. माती काढताना ती एका बाजूला ढीग न लावता सगळीकडून सारखी उतरवावी.

नवे बांधकाम असेल तर पाया काळ्या मातीत न थांबवता खालच्या पक्क्या मुरमापर्यंत न्यावा. काळी जमीन फुगते, भेगाळते, हे आपणांस सांगायला नको. दगडी भिंत १८ इंचांपेक्षा जाड नसावी. उंचीत दर दोन फुटांवर व लांबीत दर चार फुटांवर भिंतीच्या आरपार जाणारा दगड घालावा. दारे-खिडक्या कोपऱ्यापासून किमान दोन फूट दूर ठेवाव्यात. चौकटींच्या वर लोखंडी सळयांसह काँक्रीटचा पट्टा चारही भिंतींवरून सलग फिरवावा. कोपऱ्यात तुटलेला पट्टा नसल्यातच जमा. येथे गवंडी 'चालतंय की' म्हणेल, तेव्हा समोर उभे राहून काम करून घ्यावे.

जुन्या भिंतीत आरपार दगड बसवायचे असल्यास अभियंत्याचा सल्ला घ्यावा. माळवदावरची माती मात्र मृग लागण्यापूर्वीच उतरवून घ्यावी. भिजल्यावर तिचे वजन आणखी वाढते.