वृद्धांची वाढती संख्या आणि शुश्रूषेचे मनुष्यबळ

मागील घटकात जन्मदर व मृत्युदर यांतील घटीचा विचार आपण केला. या दोहोंचा एकत्रित परिणाम म्हणजे लोकसंख्येचे वृद्धत्व होय. माणसे अधिक काळ जगतात म्हणून वृद्धांचे प्रमाण वाढते, तसेच मुले कमी जन्माला येतात म्हणूनही ते वाढते. म्हणजेच शुश्रूषेची गरज असणारे वाढत असतात, त्याच काळात शुश्रूषा करू शकणारे तरुण हात कमी होत असतात. प्रस्तुत विषयाचे मर्म या कात्रीत आहे.

ही कात्री जपानमध्ये सर्वांत ठळकपणे दिसते. एकूण लोकसंख्येतील ६५ वर्षांवरील व्यक्तींचे प्रमाण ७ टक्क्यांवरून १४ टक्क्यांवर जाण्यास फ्रान्सला शतकाहून अधिक काळ लागला. जपानमध्ये तोच बदल १९७० ते १९९४ या अवघ्या २४ वर्षांत घडला. १९७३ मध्ये तेथील शासनाने ७० वर्षांवरील नागरिकांसाठी वैद्यकीय उपचार मोफत केले. हेतू चांगला होता. परंतु उपचारांची फारशी आवश्यकता नसलेले, मात्र घरी पाहणारे कोणी नसलेले अनेक वृद्ध महिनोन्‌महिने रुग्णालयांतच राहू लागले. त्यांना अंघोळ घालणारे, भरवणारे, कूस बदलून देणारे माणूस हवे होते. उपचार आणि शुश्रूषा या दोन भिन्न गरजा आहेत, हे ध्यानात येऊन स्वतंत्र व्यवस्था उभी राहण्यास बराच काळ जावा लागला. २००० साली दीर्घकालीन शुश्रूषा विमा सुरू झाला. त्याचा हप्ता वयाच्या चाळिशीपासून भरावा लागतो आणि सुमारे निम्मा खर्च करांतून भागवला जातो.

येथे अर्थशास्त्रातील एक परिचित नियम अडखळतो. मागणी वाढली आणि पुरवठा अपुरा असला, की मोबदला वाढतो, असे आपण शिकलो आहोत. परंतु विम्याखालील सेवांचे दर शासन ठरवते आणि ते वाढवल्यास हप्ते व करही वाढतात. त्यामुळे मनुष्यबळाची टंचाई असूनही शुश्रूषासेवकांचे वेतन इतर अनेक व्यवसायांच्या तुलनेत कमीच राहिले. शिवाय यंत्र आणून कारखान्यात दुप्पट उत्पादन घेता येते; पक्षाघाताने लुळ्या पडलेल्या आजोबांना अंघोळ घालण्यास मात्र पन्नास वर्षांपूर्वी जितका वेळ लागे, जवळजवळ तितकाच आजही लागतो. घाई केली, तर तिला शुश्रूषा म्हणता येणार नाही. अखेर २००८ पासून जपानने इंडोनेशिया व त्यानंतर फिलिपिन्स या देशांतील परिचारिका आणि शुश्रूषासेवकांना करारांद्वारे प्रवेश दिला.

आता आपल्याकडे वळू. २०११ च्या जनगणनेनुसार भारतात ६० वर्षे व त्यावरील व्यक्ती सुमारे १०.४ कोटी, म्हणजे ८.६ टक्के होत्या. केरळमध्ये हे प्रमाण १२.६, तर महाराष्ट्रात ९.९ टक्के होते. जपानसारखा सार्वत्रिक शुश्रूषा विमा आपल्याकडे नाही. हा भार आजवर घरातील स्त्रीने, विशेषतः सुनेने, विनामोबदला वाहिला आणि तो राष्ट्रीय उत्पन्नाच्या हिशेबात कधी धरला गेला नाही. कुटुंबे लहान झाली, सुना नोकरी करू लागल्या, मुले परगावी वा परदेशी स्थिरावली. तेव्हा शहरांत तेच काम 'ब्युरो'मार्फत बारा तासांच्या पाळीने येणाऱ्या 'मावशीं'कडे गेले. भाषेचे विद्यार्थी म्हणून या शब्दाकडे आपण लक्ष द्यावे. 'मावशी' या संबोधनात आपुलकी जरूर आहे. पण परिचारिकेला जसे व्यवसायाचे नाव, नोंदणी आणि अभ्यासक्रम असतो, तसे यातील बहुतेकींजवळ काहीच नसते. नाते जोडले, की पगारी सुटीची मागणी करणे अवघड होऊन बसते. आणि या मावशींच्या स्वतःच्या घरी कोणी अंथरुणाला खिळलेले असेल, तर त्यांच्या उशाशी दिवसभर बहुधा शाळकरी मुलगी असते.

स्वयंअध्ययनासाठी कार्य : आपल्या परिसरात वृद्धाची शुश्रूषा करणाऱ्या एका व्यक्तीशी, तिच्या संमतीने, बोला. तिची दिवसभरातील कामे, त्यांस लागणारा वेळ आणि मोबदला यांची नोंद करा. त्यांतील उपचाराची कामे कोणती व शुश्रूषेची कोणती, हे वेगळे करा. ती कामे पूर्वी त्या घरात कोण करत असे, हेही विचारा आणि १५० शब्दांत लिहा.