शिकाऊ परवाना : तरुणाच्या हाती किल्ली देण्यापूर्वी



सोनगीरला आमचे घर मुंबई-आग्रा महामार्गापासून फार लांब नाही. धुळ्याहून शिरपूरकडे जाणाऱ्या ट्रकांचा आवाज रात्रंदिवस कानी पडतो. शिरपूर तालुक्यातील एका पाड्यावरचा, पावरा समाजाचा एक मुलगा शिक्षणासाठी आमच्या घरी राहत होता. वय १७. एका संध्याकाळी घाईचे काम निघाले आणि मी मोटारसायकलची किल्ली त्याच्या हाती दिली. पाड्यावर तो भावाची गाडी चालवत असे, एवढे मला पुरेसे वाटले.

अर्ध्या तासाने तो गाडी ढकलत परत आला. फाट्यावर वळताना मागून आलेल्या ट्रकपासून तो थोडक्यात वाचला होता. गाडी रस्त्याखाली उतरली, गुडघा फुटला. तो म्हणाला, "काका, गाडी येते मला चालवता. पण तिथे आधी कोणी जायचं, ते माहीत नव्हतं."

चूक किल्ली देणाऱ्याची होती, म्हणजे माझी. त्यानंतर आम्ही दोघे मिळून जे शिकलो, ते या पाठात देत आहे.

१. वयाची अट

मोटार वाहन कायदा, १९८८ प्रमाणे वाहन चालवण्यासाठी वय १८ पूर्ण हवे. १६ व्या वर्षी सवलत आहे, पण ती ५० सीसीपर्यंतच्या बिनगिअरच्या दुचाकीपुरती, आणि अर्जावर पालकाची सही लागते. आपल्या दारात उभ्या असलेल्या बहुतेक पेट्रोल स्कूटर १०० सीसीच्या पुढच्या आहेत. म्हणून ही सवलत आपल्या मुलांना सहसा लागू पडत नाही. मालवाहू वा प्रवासी वाहनासाठी वय २० लागते.

२०१९ च्या दुरुस्तीनंतर अल्पवयीन मुलाच्या हातून गुन्हा घडल्यास पालक किंवा गाडीमालक दोषी धरला जातो. ३ वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड होऊ शकतो, गाडीची नोंदणी १२ महिन्यांसाठी रद्द होते आणि त्या मुलाला वयाच्या २५ व्या वर्षापर्यंत परवाना मिळत नाही. गाडी चालवून पोट भरू पाहणाऱ्या पाड्यावरच्या मुलाची उमेदीची वर्षेच त्यात जातात.

२. तीन वाढदिवस

कागद काढायला बसलो तेव्हा खरी अडचण कळली. मुलाचा जन्म घरी झालेला. शाळेच्या दाखल्यावर १ जून. पूर्वी पुष्कळ गुरुजी शाळा सुरू होण्याचा महिना धरून हीच तारीख लिहीत. आधारवर १ जानेवारी. आईला विचारले तर ती म्हणाली, "होळीच्या आधी, भोंगऱ्या बाजाराच्या आठवड्यात."

१ जानेवारी धरली असती तर परवाना पाच महिने आधी मिळाला असता. मुलाच्या मनात ते आले, माझ्याही आले. पण दोन कागदांवर दोन तारखा राहिल्या की पुढे जातीचा दाखला, शिष्यवृत्ती, बँक, सगळीकडे तेच विघ्न येते. आम्ही आधार केंद्रावर शाळेचे कागद दाखवून तारीख दुरुस्त करून घेतली आणि जूनपर्यंत थांबलो.

३. परीक्षा

शिकाऊ परवान्याची फी वाहनाच्या प्रत्येक वर्गासाठी १५० रुपये आणि परीक्षेची ५० रुपये असे केंद्रीय नियम सांगतात. परीक्षेत ६० टक्के उत्तरे बरोबर यावी लागतात, म्हणजे १५ प्रश्नांत ९. महाराष्ट्रात २०२१ पासून आधारच्या ओळखीवर ही परीक्षा घरबसल्याही देता येते.

या मुलाची घरची बोली पावरी. प्रश्न मराठीत. म्हणून आम्ही खुणांपासून सुरुवात केली. लाल कडेचे वर्तुळ म्हणजे मनाई, त्रिकोण म्हणजे सावधान, निळा चौकोन म्हणजे माहिती. महामार्गाच्या कडेला उभे राहून एकेक पाटी त्याने आधी पावरीत सांगितली, मग मराठीत.

पहिल्या वेळी त्याची ८ उत्तरे बरोबर आली. एका परिचिताने सुचवले, "घरीच तर परीक्षा आहे, पुढच्या वेळी तुम्ही शेजारी बसून बटण दाबा." मी लगेच नाही म्हणालो नाही, हे कबूल करतो. मुलगाच म्हणाला, "काका, फाट्यावर तुम्ही शेजारी नसाल." पुन्हा फी भरली, पुन्हा अभ्यास केला. दुसऱ्या वेळी १२ आली.

४. शिकाऊ म्हणजे काय

शिकाऊ परवाना ६ महिने चालतो, आणि तो मिळाल्यावर ३० दिवसांनंतरच पक्क्या परवान्याची चाचणी देता येते. या काळात गाडीच्या पुढे-मागे पांढऱ्या पाटीवर लाल 'एल' हवा. सोबत परवानाधारक शिकवणारा हवा. दुचाकीवर त्याच्याशिवाय दुसऱ्या कोणालाही मागे बसवता येत नाही. हेल्मेट दोघांनाही.

आम्ही रोज पहाटे गावाबाहेरच्या मोकळ्या जागेत जात असू, समोर सोनगीरचा किल्ला. मी मागे बसत असे. क्लच, ब्रेक त्याला माझ्याहून चांगले जमत. मी फक्त विचारत असे, "आता आधी कोण जाणार?" महिनाभरात तो मला विचारण्याआधीच उत्तर देऊ लागला. पक्का परवाना हाती आला तेव्हा त्याने तो प्रथम आईला दाखवायला नेला. तिने तारखेवर बोट ठेवून विचारले, "ही कोणाची?" सगळे हसले.

पाड्यावरच्या मुलांना आपण कपडे देतो, पुस्तके देतो. कागद नीट करून देणे आणि गाडीवर मागे बसून पहाटेचा अर्धा तास देणे, हीसुद्धा सेवाच आहे. मंडळीत ज्यांच्याकडे परवाना आहे, त्या प्रत्येकाला ती करता येईल.

तरुण संघासाठी प्रश्न

१) आपल्या घरातील गाडीची किल्ली कोणाच्या हाती जाते? त्याचा परवाना आपण पाहिला आहे का?
२) आपल्या ओळखीच्या एखाद्या मुलाच्या दाखल्यावर आणि आधारवर वेगळ्या तारखा आहेत का? त्याच्यासोबत केंद्रावर कोण जाईल?
३) "बटण तुम्ही दाबा" असे कोणी म्हटले, तर आपण काय उत्तर देऊ?