हसू नका, शब्द विचारा

आमच्या वर्गात कातकरी वस्तीवरली एक मुलगी आली. ती बोलली की आम्ही हसायचो. मग ती गप्पच बसू लागली.

गुरुजी म्हणाले, "अरे, ते चुकीचं मराठी नाही, ती कातकरी बोली आहे. हे लोक पूर्वी खैराचं लाकूड उकळून कात काढायचे, म्हणून कातकरी."

मग त्यांनी सायबेरियातल्या रेनडियर पाळणाऱ्या तोफा लोकांची गोष्ट सांगितली. त्यांची भाषा तुर्की कुळातली. आपले चाकू, कैची हे शब्दही त्याच कुळातून आलेले. तोफा मुलांना शाळेत रशियनच बोलावी लागली. 2010 च्या जनगणनेत तोफा येणारे 100 सुद्धा भरले नाहीत!

मला वाईट वाटले. आता मी त्या मुलीकडून रोज एक शब्द शिकतो. ती पण बोलू लागली आहे.

– इयत्ता पाचवी