चित्र आणि चरित्र

वाचकहो, थोर पुरुषाचे चरित्र वाचणारे थोडे, परंतु त्याचे चित्र पाहणारे पुष्कळ असतात. म्हणून चित्रात खोट शिरली, तर ती लोकांच्या स्मरणात खोल रुजते. ह्याचे एक प्रसिद्ध उदाहरण आम्ही येथे देतो.

अमेरिकेचा अध्यक्ष अब्राहाम लिंकन ह्याने १८६३ साली दासमुक्तीचा जाहीरनामा काढला. १८६५ साली त्याचा खून झाला, तेव्हा त्याच्या चित्रांस मोठी मागणी आली. त्या काळच्या एका छापील चित्रात तो एखाद्या वीरासारखा ताठ उभा दिसतो. परंतु त्यात मस्तक तेवढे लिंकनचे आहे. धड जॉन कॅल्हून ह्याच्या १८५२ सालच्या चित्रातून घेतलेले आहे. आणि हा कॅल्हून कोण? गुलामगिरी ही हितकारकच होय, असे १८३७ साली सेनेटमध्ये प्रतिपादणारा पुढारी! मूळ चित्रात मेजावरील कागदांवर राज्यांच्या सार्वभौमत्वाचे शब्द होते. ते पुसून तेथे संघराज्याचे व स्वातंत्र्याच्या घोषणेचे शब्द घातले.

पुष्कळ वर्षांनी स्टेफान लोरांट नामक चित्रसंपादकास दिसले की, लिंकनच्या उजव्या गालावरचा तीळ येथे डाव्या गालावर आहे. छायाचित्र उलटे करून मस्तक बसविले होते.

आता ह्यात बिघडले काय, असे कोणी विचारील. लिंकनची स्तुतीच झाली ना? आमचे उत्तर असे की, ज्याच्यावर आपले प्रेम असते, त्याच्याविषयीचे गोड असत्य आपण न तपासता स्वीकारतो. आणि मग खरा मनुष्य आपल्यापासून हरवतो. फेब्रुवारी १८६५ मध्ये अलेक्झांडर गार्डनर ह्याने काढलेले लिंकनचे छायाचित्र पाहा. गाल बसलेले, कपाळी सुरकुत्या, डोळे थकलेले. चार वर्षांच्या युद्धाचा भार त्या मुखावर लिहिलेला आहे. उसन्या धडाने हाच भार झाकून टाकला. दासांच्या मुक्तीस काय मोल पडले, हे त्या ऐटदार चित्रावरून कोणास कळेल?

आज तर असा फेरफार यंत्राने क्षणात होतो, व चित्रे हातोहाती खेडोपाडी पोहोचतात. ह्यास्तव शिक्षकबंधूंनी शाळेच्या भिंतीवर चित्र लावण्यापूर्वी किंवा ते दुसऱ्यास पाठविण्यापूर्वी तीन गोष्टी विचाराव्या: हे कोणी काढले? केव्हा काढले? मूळ प्रत कोठे आहे? विशेषतः जे चित्र आपल्या मनास फार आवडते, त्याविषयी हे अगत्याने विचारावे. थोर पुरुषाच्या आदरास सत्याने बाध येत नाही.