वीज वाचवणारा डबा

भिवंडीत मजुरीवर कापड विणणाऱ्याला सूत व्यापारी देतो, कारागिराची मजुरी ठरलेली असते. महिनाअखेरीला त्याच्या गळ्याशी येतं ते विजेचं बिल. त्यामुळे ‘हा डबा तीस-चाळीस टक्के बिल कमी करतो’ म्हणणारा कोणी दारात आला की त्याला खुर्ची मिळते, चहा मिळतो. नारपोलीत माझं मोटारी रिवाइंड करायचं दुकान आहे. असे डबे शेवटी माझ्या टेबलावर येतात, म्हणून हे लिहितोय.

विकणारा सोबत एक लाकडी बोर्ड आणतो. त्यावर ट्यूबलाइटची जुनी चोक नाहीतर रिकामी फिरणारी छोटी मोटार, आणि शेजारी अँपिअरचा मीटर. चोक चालू केली की काटा चढतो, डबा लावला की झटकन खाली येतो. बघणाऱ्याला वाटतं, वीज निम्मी झाली! यात हातचलाखी नाही. टाँग टेस्टर लावून बघा, अँपिअर खरोखरच उतरलेले दिसतील. डोळ्यांनी पाहिलेलं खोटं कसं मानायचं, इथंच माणूस फसतो.

मोटारीला चुंबकीय क्षेत्र उभं करायला जो करंट लागतो, तो काही काम करत नाही, नुसता लाइनीतून ये-जा करतो. डब्यातला कंडेन्सर तो करंट जागेवरच पुरवतो, म्हणून मागच्या वायरीतले अँपिअर घटतात. पण घरातला मीटर अँपिअर मोजत नाही, तो युनिट मोजतो, म्हणजे प्रत्यक्ष झालेल्या कामाची वीज. जो करंट बिलात धरलेलाच नव्हता, तो वाचवून बिल कसं उतरणार?

पद्मानगरच्या एका शेठचा डबा मी त्यांच्यासमोरच उघडला. वर हिरवा दिवा, आत डांबरासारखं घट्ट ओतलेलं काळं रेझिन. छिन्नीने फोडल्यावर निघाला पंख्यात असतो तसा एक कंडेन्सर, दिव्यापुरता एक रेझिस्टन्स आणि वजन यावं म्हणून भरलेली वाळू.

“अरे, पण पहिल्या महिन्यात बिल कमी आलं होतं ना,” शेठ म्हणाले.

“शेठ, त्या महिन्याचं उत्पादनाचं रजिस्टर काढा.”

रजिस्टर काढलं. बकरी ईदला कारागीर गावी गेले होते, अर्धे लूम बंद होते. बिल उतरलं होतं, पण कापडही तेवढंच उतरलं होतं. महिन्याची युनिटं विणलेल्या मीटरांनी भागली, तर आकडा आधीच्या महिन्याइतकाच आला. लूमवाल्याने बिलाची रक्कम बघू नये, दर मीटर कापडामागे किती युनिट लागली ते बघावं. मंदीत बिल आपोआपच घटतं आणि नेमकं तेव्हाच हे विक्रेते फिरतात.

घरच्या माणसाला याहून सोपी परीक्षा सांगतो. मीटरवर एक लाल दिवा लुकलुकत असतो. बऱ्याच सिंगल फेज मीटरवर दर युनिटला ३२०० असा आकडा छापलेला असतो. म्हणजे दिवा ३२०० वेळा लुकलुकला की एक युनिट झालं. ७५० वॅटचा लोड असेल तर मिनिटाला साधारण ४० वेळा. फ्रिज बंद ठेवा, एकच स्थिर लोड चालू ठेवा. एक मिनिट डबा लावून मोजा, एक मिनिट काढून मोजा. विकणाऱ्याला म्हणावं, ही परीक्षा तुमच्यासमोर करू द्या. जो खरा असेल, तो थांबेल.

कंडेन्सर ही वस्तू वाईट नाही. मोठ्या जोडणीच्या बिलात पॉवर फॅक्टर धरलेला असेल, तर लोडच्या हिशेबाने बसवलेला, आयएसआय मार्कचा थ्री फेज कंडेन्सर पैसे वाचवतोच. त्यासाठी आधी बिल वाचावं लागतं आणि मोटारींचा हिशेब मांडावा लागतो. सगळ्यांना एकच डबा, एकच किंमत, असं त्यात नसतं. हलका कंडेन्सर फुगतो, फुटतो, आणि आपल्या कारखान्यात पॅनेलवर रुईचा थर बसलेला असतो. तिथं एक ठिणगी पुरते. वीज खरोखर वाचवायची असेल तर सैल पट्टे ताणा, बेअरिंग बघा, आणि पुन्हा पुन्हा रिवाइंड झालेली मोटार काढून कमी वीज खाणारी आयई-३ दर्जाची घ्या. माझं काम कमी होईल, तरी सांगतो.

या डब्याचा थोरला भाऊ म्हणजे ‘बिनइंधनाचा जनरेटर’. मोटार जनरेटर फिरवते आणि जनरेटर त्याच मोटारीला वीज देतो, वर कारखानाही चालवतो म्हणे! घर्षणात आणि उष्णतेत वीज जाते, त्यामुळे चाक थांबणारच. ‘पेटंट मिळालंय’ असं कोणी म्हटलं तर १९७०च्या पेटंट कायद्याचं कलम ३(अ) दाखवा; निसर्गनियमांच्या उघड विरोधात जाणाऱ्या गोष्टीला पेटंट मिळत नाही. लोकांच्या कौतुकालाही भुलू नका. १९९६मध्ये तामिळनाडूच्या रामर पिल्लैने वनौषधींपासून पेट्रोल केल्याचा दावा केला, तेव्हा देशभर त्याचं कौतुक झालं होतं. २०१६मध्ये न्यायालयाने त्याला तीन वर्षांची शिक्षा सुनावली.

मीटरच मंद करणारी चिप किंवा चुंबक कोणी देऊ केलं, तर त्याला दारातही उभं करू नका. ती वीजचोरी आहे. २००३च्या वीज कायद्याच्या कलम १३५ खाली तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास होऊ शकतो, आणि पकडला जातो तो विकणारा नाही, जोडणी ज्याच्या नावावर आहे तो.

डबा आधीच घेतला असेल तर लाजून गप्प बसू नका. शेजारच्या कारखानदाराला सांगा, म्हणजे तो तरी वाचेल. पक्कं बिल असेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार करा. रोखीने, बिनपावतीने घेतलेल्या डब्याचे पैसे परत मिळाल्याचं मी अजून ऐकलेलं नाही.