बर्फाखालीं निजणारा पिग्मी पॉसम

वाचकहो, ऑस्ट्रेलिया खंडाचें नांव निघालें कीं आपणांस कांगारू आठवतो. त्याची मादी आपलें पिल्लूं पोटावरील पिशवींत वाढविते, हें आपणांपैकीं पुष्कळांनीं शाळेंत ऐकिलें असेल. अशा पिशवीच्या प्राण्यांत एक अगदीं लहान घराणें आहे; त्यास पिग्मी पॉसम, म्हणजे खुजे पॉसम, असें म्हणतात. ह्यांच्या पांच जाती आहेत, व त्यांतील सर्वांत लहान जातीचें वजन अवघें ७ ग्रॅमच्या आसपास भरतें. हे सर्व दिवसा निजतात व रात्रीं अन्न शोधावयास बाहेर पडतात. आजच्या पाठांत ह्यांपैकीं उंच डोंगरांत राहणाऱ्या एका जातीची हकीकत द्यावयाची आहे.

१८९५ च्या सुमारास रॉबर्ट ब्रूम नांवाच्या शास्त्रज्ञास न्यू साउथ वेल्स प्रांतांतील वॉम्बियन गुहांच्या परिसरांत लहानशीं जुनीं हाडें मिळालीं. त्यांवरून त्यानें ह्या जातीचें वर्णन लिहिलें. जिवंत प्राणी कोणासच ठाऊक नसल्यामुळें ही जात कधींच नाहींशी झाली, असें पुढें सत्तर वर्षें सर्व विद्वान मानीत आले. परंतु १९६६ च्या आगस्ट महिन्यांत व्हिक्टोरिया प्रांतांत मौंट हॉथम डोंगरावर, बर्फावर घसरण्याचा खेळ खेळणाऱ्यांच्या एका झोपडींत, हाच प्राणी जिवंत सांपडला! मेलेल्यांच्या यादींत ज्याचें नांव घातलें होतें तो धोंड्यांच्या सांदींत सुखानें नांदत होता.

त्याचें वजन सुमारें ४५ ग्रॅम असतें, व शेपटी अंगापेक्षां लांब असते. डोंगरमाथ्यावर मोठमोठ्या धोंड्यांच्या राशी आहेत, त्यांच्या फटींत तो राहतो. तिकडील ऋतु आपल्या उलट असतात. आपल्याकडे मृगाचा पाऊस पडतो तेव्हां तेथें हिवाळा लागलेला असतो. ह्या हिवाळ्यांत तो अंगाचा गोळा करून निजतो. मधून मधून जागा होतो, व पुन्हां निजतो. अशा रीतीनें मोठ्या प्राण्यांचे सहा सात महिने जातात. झोपेंत त्याचें अंग इतकें थंड पडतें कीं उष्णता २ अंशांपर्यंत उतरते. वर पडलेला बर्फ त्यास मारीत नाहीं, उलट राखतो. कारण बाहेर कितीही कडाक्याची थंडी पडली तरी त्या जाड घोंगड्याखालीं ती फारशी पोंचत नाहीं. म्हणून ज्या वर्षीं बर्फ थोडा पडतो, त्या वर्षीं ह्याचें पांघरूणच गेलें असें समजावें.

आतां त्याच्या अन्नाविषयीं. बिया व फळें तो खातो, आणि बिया सांठवूनही ठेवितो. परंतु वसंतांत जाग आली म्हणजे त्याचा मुख्य आधार बोगाँग नांवाचा पतंग होय. हे पतंग दूरच्या मैदानांत जन्मतात, आणि उन्हाळा थंड जागीं काढण्याकरितां रात्रीं उडत, कित्येक तर १००० किलोमीटरपर्यंत प्रवास करून, ह्याच डोंगरांवर येतात. त्यांच्या अंगांत चरबी पुष्कळ असते. मादीच्या पिशवींत चार पिल्लें वाढत असतात. त्यांचें दूध ह्या चरबीवरच चालतें.

शेतकऱ्यांनीं येथें थोडें थांबून विचार करावा. ह्याच पतंगाची अळी मैदानांत रोपें कुरतडते, म्हणून तेथील शेतकऱ्यास ती नकोशी वाटते. एकाच्या शेतांतील कीड ती दुसऱ्याच्या लेंकरांचें दूध! २०१७ पासून मैदानांत मोठा दुष्काळ पडला, आणि डोंगरावर येणारे पतंग जवळजवळ नाहींसे झाले. तेव्हां पुष्कळ माद्यांच्या पिशवींतील पिल्लें उपाशीं मेलीं. पाऊस मैदानांत हुकला, आणि दुःख पर्वतावर झालें. २०२१ सालीं त्या पतंगाचेंही नांव जगांतील संकटग्रस्त प्राण्यांच्या यादींत गेलें.

मनुष्यानें ह्यास इजा केली, तशी मदतही केली आहे. मौंट हॉथमवर रस्ता झाल्यामुळें वर राहणाऱ्या माद्या व खालीं राहणारे नर ह्यांचें जाणें येणें अडलें होतें. तेव्हां १९८५ च्या सुमारास रस्त्याखालून भुयार करून त्यांत धोंडे भरले, आणि हे प्राणी त्यांतून जाऊं येऊं लागले. मौंट बुलर येथें त्यांची संख्या फार घटली होती. आपसांतच वीण होऊन वंश दुबळा झाला होता, म्हणून मौंट हॉथमचे नर आणून तेथें सोडले. पुढें तेथील संख्या पुन्हां वाढली. पतंग वाट चुकूं नयेत म्हणून वसंतांत नको असलेले दिवे मालवावे, अशी विनंतीही लोकांस करण्यांत आली.

हा पाठ ध्यानांत ठेवण्याजोगा आहे तो ह्यासाठीं कीं, मुठींत मावणाऱ्या ह्या जिवाचें जगणें दूरच्या पावसावर, पतंगावर व बर्फावर टांगलेलें आहे. ह्यांतील एक दोरा तुटला तर तो पडतो.

वर्गांत विचारावयाचे प्रश्न:
१. बर्फ ह्या प्राण्याचें रक्षण कसें करितो?
२. मैदानांतील दुष्काळानें डोंगरावरील पिल्लें कां मेलीं?
३. आपल्या शिवारांत एकास नकोसा पण दुसऱ्यास उपयोगी असा कोणता जीव आहे?